वंशावळ कॉपी-पेस्ट करू नका

संपादक साहेब, स.न.वि.वि.

हल्ली फॅमिली ट्रीचं वेड फारच वाढलंय. ओळखीतल्या तिघा-चौघांनी ॲप टाकलं आणि महिन्याभरात एकेकाची वंशावळ चारशे वर्षं मागे गेली, एकाची तर थेट राजघराण्याला जाऊन भिडली. इतकं फास्ट कसं जमलं विचारलं तर म्हणे दुसऱ्या कुणाच्या ट्रीत तेच नाव होतं, ॲपने हिंट दिली, ॲक्सेप्ट केली, झालं.

मी पण हाच शहाणपणा केलाय म्हणून लिहितोय. खापरपणजोबांचं नाव एका तयार ट्रीत दिसलं, आडनाव पण तेच, मग काय, अख्खी फांदी उचलून आपल्याला चिकटवली आणि दोन वर्षं त्याच फांदीवर चढत बसलो. एक दिवस सहज जन्मसालं ओळीत मांडली तर मुलगा जन्मला तेव्हा बाप ९ वर्षांचा! नाव एक, माणसं दोन. तोपर्यंत माझ्यावरून आणखी तिघांनी ती फांदी उचलली होती, आणि चार ठिकाणी तेच दिसतंय म्हटल्यावर पाचव्याला तो पुरावाच वाटणार ना. तिघांना मेसेज टाकले, एकानेच दुरुस्त केलं.

खरं तर सुरुवात स्वतःपासून करून एकेक पायरी वर जायचं, आणि हा त्याचाच मुलगा हे दाखवणारा कागद हातात आल्याशिवाय पुढची पायरी चढायची नाही. कागद पण डोळे उघडे ठेवून वाचा. मृत्यूच्या नोंदीतली मृत्यूची तारीख बहुतेक बरोबर असते, पण वय? ते सांगणारा माणूस जन्माच्या वेळी कुठे हजर होता, अंदाजे काहीतरी सांगून मोकळा.

आणि त्या राजाचं म्हणाल तर गणित करून बघा. आईबाप २, आजी-आजोबा ४, असं दुप्पट करत गेलं की दहाव्या पिढीत १०२४, विसाव्या पिढीत १० लाखांवर आणि तिसाव्या पिढीत १०० कोटींच्या वर जागा होतात. एक पिढी २५ वर्षांची धरली तर हे झालं साडेसातशे वर्षांपूर्वीचं, तेव्हा अख्ख्या जगात एवढी माणसंच नव्हती! म्हणजे तीच माणसं आपल्या झाडात पुन्हा पुन्हा येतात, तुमच्यातली माझ्याही झाडात असणार. त्यात एखादा राजा निघाला तर कौतुक कसलं.

डीएनए टेस्टवाले पण लगेच तुमचे पूर्वज कुठले याची टक्केवारी दाखवायला लागतात. वाय क्रोमोसोम फक्त बापाकडून मुलाला जातो आणि पेशीतल्या मायटोकॉन्ड्रिया नावाच्या भागाचा डीएनए आईकडून, म्हणजे दहाव्या पिढीतल्या त्या १०२४ पैकी एकेकच रेषा कळते. बाकीचा डीएनए दर पिढीला निम्मा होत जातो, इतका की दहा पिढ्यांमागच्या बऱ्याच पूर्वजांचा आपल्यात एक कणही शिल्लक नसतो, पण पूर्वज ते असतातच. शिवाय टेस्ट तुम्ही एकट्याने केली तरी माहिती भाऊ-बहिणींची पण जाते. ट्वेंटीथ्री-अँड-मी या डीएनए टेस्ट करणाऱ्या कंपनीत २०२३ मध्ये जवळपास ६९ लाख लोकांचा डेटा फुटला आणि मार्च २०२५ मध्ये तिने दिवाळखोरीचा अर्ज केला. टेस्ट करायची तर करा, पण निदान घरच्यांना विचारून तरी थुंकीचा नमुना पाठवा.

मला सगळ्यात जास्त खटकतं ते वेगळंच. माझा तक्ता पहिल्यांदा प्रिंट केला तर वरपासून खालपर्यंत पुरुषच, बायकांच्या जागी नुसतं "पत्नी". माहेरचं आडनाव नाही म्हणजे तिच्यामागची अख्खी बाजू बंद, निम्मं झाड तिथेच गेलं. शेवटी मोठ्या आत्याला फोन लावला, तिने बोलता बोलता पाच मिनिटांत चार जणींची नावं आणि माहेरं सांगितली, जी ॲपला दोन वर्षांत सापडली नव्हती. वर म्हणाली, "इतके दिवस विचारलं का नाहीस?" रेकॉर्डिंग करायचं मात्र राहून गेलं, रविवारी परत फोन करणार आहे.

– आपला एक वाचक