डोंगर चढणाऱ्यांची नव्हे, डोंगरात राहणाऱ्यांची पुस्तके

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत डोंगर-पर्वतांवरील पुस्तकांची ओळख करून देणारा लेख वाचला. लेख मनापासून लिहिला आहे यात शंका नाही. परंतु त्यातील बहुतेक पुस्तके डोंगर चढून पुन्हा आपल्या घरी परतणाऱ्यांची आहेत. कोणी हिमशिखर गाठतो, कोणी सुट्टीच्या दिवशी एखादा गड पाहून येतो आणि खाली उतरल्यावर लिहितो. ज्यांचा सारा जन्म डोंगरातच जातो, ज्यांना पाणी, सरपण, सोयरीक आणि दवाखाना या चारही गोष्टींसाठी डोंगराशीच हिशेब करावा लागतो, त्यांच्याविषयीच्या पुस्तकांची जात निराळी आहे, आणि लेखात तिच्या वाट्याला जेमतेम दोन ओळी आल्या आहेत. नोकरीची बरीच वर्षे खानापूर तालुक्याच्या जांबोटी-कणकुंबी या घाटमाथ्यावरच्या भागातील शाळांत काढल्यामुळे ही उणीव मला जरा जास्तच टोचली, म्हणून हे पत्र.

मराठीत या जातीचे पहिले नाव घ्यायचे ते गो. नी. दांडेकरांचेच. मुंबई सोडून राजमाचीला परतलेल्या एका म्हाताऱ्याची गोष्ट त्यांनी १९५८ साली ‘माचीवरला बुधा’मध्ये सांगितली. तीत म्हणण्यासारखे काही घडत नाही. म्हातारा, त्याच्या सोबतीची मुकी जनावरे आणि पालटत जाणारे ऋतू एवढाच ऐवज. तरीही पुस्तक मिटल्यावर माची आपल्या ओळखीची होऊन राहते. त्यांच्याच ‘जैत रे जैत’चे दैव उलटे. १९७७ च्या चित्रपटामुळे त्याची गाणी घरोघरी पोचली आणि मूळ कादंबरी मागे पडली. वास्तविक लिंगोबाच्या डोंगरावरील आग्या मोहोळे आणि राणीमाशीशी मांडलेले वैर, हे सर्व ठाकरांच्या जगण्यातून आलेले आहे. तिथला नाग्या डोंगर चढतो तो वरून देखावा कसा दिसतो हे पाहण्यासाठी नव्हे. डोंगर हा त्याचा देवही आहे आणि त्याच्याकडून वसूल करायचे एक जुने देणेही आहे.

आपल्या लेखात मला सर्वांत जास्त खटकले ते असे की, बेळगावात निघणाऱ्या पुरवणीत एकाही कानडी पुस्तकाचा उल्लेख नसावा. सह्याद्री काही चंदगड-खानापुराशी संपत नाही. शिवराम कारंतांची ‘बेट्टद जीव’ ही कादंबरी १९४३ सालची आहे. (बेट्ट म्हणजे डोंगर, एवढे कानडी आपल्या प्रत्येक वाचकाला येते.) दक्षिण कन्नडातील सुब्रह्मण्याच्या रानात वाट चुकलेला एक प्रवासी गोपालय्या नावाच्या वृद्धाच्या घरी येऊन राहतो. रान तोडून, वाघ-हत्तींशी झगडून या माणसाने सुपारीच्या बागा उभ्या केल्या आहेत. पण मुलगा घर सोडून गेला तो गेलाच, आणि म्हातारा-म्हातारी आल्यागेल्या पाहुण्यावर माया करून ती पोकळी भरत आहेत. ही कथा वाचताना मला दक्षिण कन्नड आठवला नाही, आमच्या भागातली घरे आठवली, जिथले कर्ते मुलगे गोव्याला नाही तर पुण्याला आहेत आणि ओटीवर दोन म्हातारी माणसे पाऊस थांबायची वाट पाहत बसलेली असतात. कुवेंपूंची ‘मलेगळल्लि मदुमगळु’ (१९६७) ही तर तीर्थहळ्ळीकडच्या रानातल्या धन्यांपासून गड्यांपर्यंत सर्वांना सामावून घेणारी अवाढव्य कादंबरी. पूर्णचंद्र तेजस्वींची ‘कर्वालो’ (१९८०) त्या मानाने आटोपशीर आणि खट्याळ. उडणाऱ्या सरड्याच्या शोधात निघालेल्या शास्त्रज्ञाला खरी मदत होते ती मंदण्णा नावाच्या, गावाने निकामी ठरवलेल्या पोराची, कारण रान त्याच्याच डोळ्यांना दिसते. असे एक-दोन मंदण्णा माझ्याही वर्गात होते आणि मी त्यांना पाढे येत नाहीत म्हणून बाकावर उभे केले होते, हे येथे कबूल करतो.

मराठीचा आग्रह मी आयुष्यभर धरला आहे आणि पुढेही धरीन. परंतु पाट्यांच्या भाषेवरून भांडता भांडता शेजारच्या कपाटातली पुस्तके उघडायची नाहीत, हा त्या आग्रहाचा अर्थ मला कधी समजला नाही. कानडीतील एवढे साहित्य मराठीत आणणाऱ्या उमा कुलकर्णी मूळच्या बेळगावच्याच, हे आपण अभिमानाने सांगतो. मग त्यांनी उघडून दिलेल्या दारातून आतही जावे.

परदेशातले एकच उदाहरण देतो. स्कॉटलंडमधील केर्नगॉर्म डोंगरांवर नॅन शेफर्ड या बाईंनी दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस ‘द लिव्हिंग माउंटन’ हे छोटेसे पुस्तक लिहिले. ते सुमारे तीस वर्षे पडून राहिले आणि १९७७ साली छापले गेले. बाई ॲबर्डीनला शिक्षक-प्रशिक्षण महाविद्यालयात शिकवीत. शिखर गाठण्यापेक्षा त्याच डोंगरात पुन्हा पुन्हा जात राहणे त्यांना महत्त्वाचे वाटले. त्यांच्या हस्तलिखिताला निदान कुठेतरी जागा होती. आमच्या घाटमाथ्याचे पुस्तक तर अजून कागदावरही उतरलेले नाही.

कणकुंबीला माउलीच्या देवळाजवळ मलप्रभा उगम पावते आणि पूर्वेकडे कृष्णेला मिळायला जाते. त्याच माथ्यावर, भीमगडच्या रानात, देगावजवळ उगम पावणारी म्हादई पश्चिमेला वळून गोव्यात मांडवी होते. एकाच माथ्यावरचा पाऊस दोन समुद्रांत वाटला जातो. या पाण्यावर कागद काही थोडे लिहिले गेले नाहीत: २०१० साली म्हादईच्या पाणीवाटपासाठी लवाद नेमला गेला, २०१८ साली त्याचा निवाडा आला, आणि कर्नाटकाच्या वाट्याला १३.४२ टीएमसी (अब्ज घनफूट) पाणी आले. भीमगड २०११ साली अभयारण्य झाले, त्याच्याही अधिसूचना आहेत. बारापेडे गुहेतल्या दुर्मीळ वटवाघळांवरही शास्त्रज्ञांचे निबंध आहेत. सीमाप्रश्नाच्या दाव्यात या गावांची नावे आम्ही एकेक करून मोजली आहेत. पण गवळीवाड्यावरची बाई पावसाळ्यात पूर आलेला ओहोळ ओलांडून दूध कसे पोचवते, आजारी माणसाला बांबूच्या डोलीतून किती जण आळीपाळीने वाहून नेतात, कुमरीची, म्हणजे रान तोडून-जाळून केलेली फिरती शेती बंद झाल्यावर पोट कशावर भरले, हे सांगणारे पुस्तक माझ्या वाचनात आलेले नाही.

एक आठवण सांगतो. चौथीच्या मुलांना मी ‘डोंगर’ या विषयावर निबंध लिहायला सांगितले. डोंगराच्या कुशीत जन्मलेल्या त्या मुलांनी गाइडातून पाठ केलेले ‘दुरून डोंगर साजरे’ हेच पहिले वाक्य लिहिले. एकीने मात्र तसे केले नाही. मिरगाच्या आधी घरी काय काय करतात ते तिने लिहिले: सरपण रचणे, भिंतींना गवताच्या ताट्या बांधणे, इरली नीट करणे, मीठ-मिरचीची बेगमी, आणि गाभण गाय कुठे बांधायची यावरून आजीचा आणि बापाचा झालेला वाद. शुद्धलेखनाच्या चुका भरपूर होत्या. मी तिला दहापैकी चार गुण दिले. आज तो कागद माझ्याकडे नाही, आणि त्या गुणांची मला लाज वाटते.

आता भीमगड अभयारण्यातील तळेवाडीसारख्या वस्त्यांच्या स्थलांतराचा विषय ऐरणीवर आहे. लोकांनी जावे की राहावे, हे बाहेरच्यांनी ठरवू नये, असे माझे मत आहे. दवाखाना आणि रस्ता हवा असणाऱ्याला रानाची गोडी ऐकवणे हा दुष्टपणा होईल. पण एकदा गाव उठले की वाटेच्या प्रत्येक वळणाचे, प्रत्येक कोंडीचे आणि कातळाचे नाव त्यासोबत उठते, आणि पुढे ते विचारायला कोणी उरत नाही.

म्हणून दोन विनंत्या. कडोली, उचगाव, येळ्ळूर, बेळगुंदी, कुद्रेमनी अशा आपल्या गावोगावच्या साहित्य संमेलनांत एक सत्र घाटमाथ्यावरच्या माणसांसाठी ठेवावे. त्यांच्यावर भाषण नको, त्यांनाच बोलू द्यावे. आणि आपल्या वर्तमानपत्राने आठवड्याला अर्धा रकाना त्यांच्या सांगण्यासाठी द्यावा, बोली जशीच्या तशी ठेवून, शुद्धलेखन न तपासता. लिहून घेणारा माणूस हवा असल्यास मी तयार आहे. पाऊस ओसरून आमगाव, गवाळीच्या वाटा चालण्याजोग्या झाल्या की निघेन. वही आणि एस. टी.चे भाडे माझे.

आपला,
एक निवृत्त प्राथमिक शिक्षक
जांबोटी, ता. खानापूर, जि. बेळगाव