काळीज काढणाऱ्यांचं घर

पुणे, रविवार

प्रिय अविनाश,

सप्रेम नमस्कार.

परवा फोनवर मेक्सिकोतल्या ॲझ्टेकांचा विषय निघाला आणि तू पटकन म्हणालास, "तेच ना, माणसांची काळजं उपटणारे?" तेच. पण तेवढ्यावर त्यांना निकालात काढणं मला काही पटेना. म्हणून हे पत्र. लांबणार आहे, चहा घेऊन बस.

सध्या मला कोडेक्स मेंडोझाचं वेड लागलंय. स्पॅनिशांनी राज्य जिंकल्यावर वीसेक वर्षांनी, १५४१ च्या सुमारास, तिथल्याच चित्रकारांकडून हे चित्रांचं पुस्तक करून घेतलं गेलं. पाठवायचं होतं स्पेनच्या राजाला, पण ते जाऊन पडलं फ्रान्समध्ये आणि आता आहे ऑक्सफर्डला. पहिल्या भागात राजे आणि त्यांनी जिंकलेली गावं, दुसऱ्यात खंडणीच्या याद्या. हे दोन्ही सगळ्याच साम्राज्यांचं असतं. तिसऱ्या भागात मात्र घर आहे, आणि मी तिथेच अडकलोय.

मुलं वाढवण्याची पानं आहेत त्यात. मुलाशेजारी निळे ठिपके काढलेत, एक ठिपका म्हणजे एक वर्ष. आणि जवळच मक्याची भाकरी, एका वेळी किती द्यायची ते सांगायला. तीन वर्षांच्याला अर्धी. चार-पाचला एक. सहा ते बारा, दीड. तेरा झाली की दोन. मुलगा असो की मुलगी, माप तेच. आठव्या वर्षी बाप घायपाताचे काटे नुसते दाखवतो आणि मुलाच्या डोळ्यांतून पाणी येतं, ते थेंबसुद्धा चित्रकाराने काढलेत. नवव्या वर्षी ते काटे खरंच टोचतात. दहाव्या वर्षी काठी. अकराव्या वर्षी विस्तवावर सुक्या मिरच्या टाकून त्या खाटात मुलाचं तोंड धरतात! तुझी इरा अकराचीच ना आता? तिला हे पान जरूर दाखव, तुझ्या ओरडण्याची किंमत कळेल. बारा वर्षांची मुलगी अपरात्री उठून झाडू मारतेय, वर तारे काढलेत. केर काढणं हे त्यांच्यात घरकाम तसंच देवकामही होतं.

लग्नात मध्यस्थीण नवरीला पाठीवर घेऊन मशालींच्या उजेडात नवऱ्याच्या घरी नेते. चुलीपुढे चटई अंथरून दोघांना बसवतात आणि तिच्या झग्याची त्याच्या पांघरुणाशी गाठ मारतात. आपल्याकडे शालू-उपरण्याची मारतात तशीच. गाठ बसली की लग्न लागलं.

मग त्या नवरीचा दिवस कसा? मका रात्री चुन्याच्या पाण्यात शिजवून भिजत ठेवायचा, पहाटे उठून गुडघ्यांवर बसून पाट्यावर वाटायचा, मातीच्या तव्यावर भाकऱ्या टाकायच्या. रोज, काही तास. चुन्यामुळे साल तर सुटतंच, पण मक्यातलं नायसिन हे जीवनसत्त्वही अंगी लागतं. युरोपने पुढे मका नेला, ही रीत नेली नाही, आणि नुसत्या मक्यावर जगणाऱ्या गरिबांना ते जीवनसत्त्व न मिळाल्याने पेलाग्रा हा रोग झाला. मला विचारशील तर त्यांच्या पिरॅमिडपेक्षा ही मोठी अक्कल.

त्यांची राजधानी तेनोच्तित्लान, म्हणजे आजची मेक्सिको सिटी, हे शहरही असंच अकलेने उभं केलेलं. परंपरेने १३२५ साल सांगतात. तेश्कोको तळ्यातल्या दलदलीच्या बेटावर, जिथे दुसऱ्या कुणाला राहायचं नव्हतं, तिथे हे लोक टेकले. उथळ पाण्यात खुंट ठोकायचे, मध्ये गाळ आणि पाणवनस्पतींचे थर द्यायचे, कडेला विलोची झाडं लावायची म्हणजे मुळं माती धरून ठेवतात. झालं शेत! तळाचा गाळ उपसून वर टाकत राहिलं की वर्षाकाठी अनेक पिकं. याला चिनाम्पा म्हणतात. मेक्सिको सिटीतल्या सोचिमिल्कोला अजून आहेत. तळ्याचा एक भाग खारा होता. तळ्याकाठच्या तेश्कोको नगराचा राजा नेसावाल्कोयोत्ल, हा कवीसुद्धा, त्याच्या देखरेखीखाली मैलोन्‌मैल बांध घालून खारं पाणी अडवलं.

बाजार राजधानीला लागून असलेल्या त्लातेलोल्कोचा. रोज साठ हजारांवर माणसं देवघेव करतात, असं स्पॅनिश सेनापती कोर्तेसने आपल्या राजाला लिहून कळवलं होतं. आकडा फुगवला असेल, तो गडी स्वतःची जाहिरात करण्यात पटाईत होता. कोकोच्या बिया म्हणजे सुटे पैसे, मोठ्या व्यवहाराला सुती कापड. आणि पैसे म्हटलं की खोटे पैसे आलेच: बीचं टरफल पोकळ करून आत राजगिऱ्याचं पीठ नाहीतर मेण भरायचे. बाजारातच न्यायाधीश बसलेले असत, खोटं माप सापडलं तर फोडून टाकत.

आता तुझा मुद्दा. बळी होते, भरपूर होते. २०१५ साली मेक्सिको सिटीत कॅथेड्रलच्या मागच्या गल्लीत कवट्यांचा रचलेला बुरूज सापडला, त्यात बायकांच्या आणि मुलांच्याही कवट्या आहेत. यावर पांघरूण घालायचं कारण नाही. पण ही क्रूरता घराबाहेरची नव्हती, हे मला सांगायचंय. देवांनी आपलं रक्त देऊन हा सूर्य चालवला, ते देणं फेडलं नाही तर तो थांबेल, ही भीती. ती फेडायला सामान्य माणूसही घरी काट्याने कान टोचून रक्त वाहायचा. पहाटे अंगण झाडणाऱ्या बाईच्या आणि देवळावरच्या पुजाऱ्याच्या डोक्यात काळजी एकच होती.

दर ५२ वर्षांनी, त्यांच्या पंचांगाचं चक्र पुरं होताना, ही भीती टोकाला जायची. त्या रात्री गावोगावचे विस्तव विझवत. घरातली भांडी, चुलीचे दगड फेकून देत. गरोदर बायकांना कणगीत कोंडत, त्या हिंस्र श्वापद होऊन माणसं खातील म्हणून. पोरांना चिमटे काढून जागं ठेवत, झोपली तर उंदीर होतील! शेवटचा असा विधी १५०७ चा. इस्तापालापाजवळच्या टेकडीवर कृत्तिका डोक्यावर आल्या की बळी जाणाऱ्या माणसाच्या छातीवर नवा अग्नी मंथून काढत आणि तिथून तो घराघरांतल्या चुलींपर्यंत जाई. बळी आणि चूल, एकाच विस्तवाच्या दोन टोकांना.

बारा वर्षांत कोर्तेस आला. मे १५२० मध्ये सण होता. वर्षभर व्रत केलेल्या बायकांनी देवळाच्या आवारात राजगिरा दळला, त्या पिठाची देवाची मूर्ती घडवली गेली. स्पॅनिश शिपाई बाजूला उभे राहून बघत होते. नाच रंगात आल्यावर कोर्तेसचा सरदार आल्वारादो याच्या माणसांनी दारं अडवली आणि आतल्यांची कत्तल केली. त्याच वर्षी देवीची साथ आली, नवा राजा क्वित्लावाक तिनेच गेला. खंडणीने पिचलेले शेजारी, आणि कधीच न जिंकले गेलेले जुने वैरी त्लाश्कालाचे लोक, हजारोंनी कोर्तेसच्या बाजूला. १३ ऑगस्ट १५२१ ला शहर पडलं.

राजगिऱ्याकडे मात्र पाद्र्यांनी वाकड्या नजरेने पाहिलं तरी तो टिकला. मेक्सिकोत आज त्याच्या गोड वड्या रस्त्यावर मिळतात, आलेग्रिया म्हणतात. आपल्या उपासाच्या लाडवातलं हे धान्य मूळचं तिकडचंच, हे तुझ्या आईला सांगू नकोस, एकादशी मोडेल. त्यांची नावात्ल भाषाही जिवंत आहे, सोळा लाखांवर लोक बोलतात.

कोडेक्स इंटरनेटवर फुकट बघता येतो. आधी तिसरा भाग उघड, राजे नंतर बघ. आणि मिरच्यांच्या पानावर इरा काय म्हणाली ते कळव.

वहिनींना नमस्कार, आईंना दंडवत.

तुझा,
सतीश