आजार वाढले म्हणता, पण मोजले कोणी?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीतला ‘पूर्वी कुठे होते हे आजार?’ हा लेख वाचला आणि सोमवारी दिवसभर तो डोक्यातून जाईना. लेखकाचे आजोबा नव्वदी पार करून गेले, शेवटपर्यंत शेतात राबले, दवाखान्याची पायरी कधी चढले नाहीत. आनंद आहे. पण त्यावरून सगळी पिढीच निरोगी होती असे ठरवण्याआधी लेखकाने घरात एवढे तरी विचारायचे होते, की आजोबांना भावंडे किती झाली आणि त्यातली किती जगली? माझ्या आजीची काटोलजवळच्या खेड्यात नऊ बाळंतपणे झाली. जगली चार. दोन देवीने गेली, एक गोवराने, आणि उरलेली दोन कशाने गेली ते तिलाही शेवटपर्यंत कळले नाही. ‘ताप आला अन् गेलं’ एवढेच सांगायची. जी पोरे लहानपणीच गेली, त्यांचे नातू आज पुरवणीत लेख लिहायला नाहीत. म्हणून लेखात फक्त काटक आजोबाच दिसतात.

स्वातंत्र्याच्या सुमारास या देशातले सरासरी आयुर्मान जेमतेम ३२ वर्षांचे होते. माणसे बत्तिशीत म्हातारी होऊन मरत होती असा याचा अर्थ नाही. इतकी बाळे मरत, की सरासरीच खाली ओढली जाई. १९७१ मध्येसुद्धा जन्मलेल्या हजार बाळांपैकी १२९ पहिला वाढदिवस पाहत नव्हती. २०२० मध्ये हा आकडा २८ वर आला. त्याही मागे जायचे तर १९११ ते १९२१ या दशकात देशाची लोकसंख्या वाढायची सोडून घटली, ती मुख्यतः १९१८ च्या इन्फ्लुएंझाने, आणि त्यात आपला मध्य प्रांत व वऱ्हाड सर्वाधिक होरपळलेल्या भागांत होता. हीच ना ती शुद्ध हवा, शुद्ध तूप आणि निरोगी माणसांची वर्षे?

आजार वाढलेच नाहीत असे माझे म्हणणे मुळीच नाही. साखरेचा आजार वाढला आहे. आयसीएमआरच्या (भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या) २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पाहणीत देशात १० कोटींहून अधिक मधुमेही निघाले. त्यांनी गावोगावी, शहरोशहरी जाऊन माणसांचे रक्त तपासले, म्हणून त्या आकड्यावर माझा विश्वास आहे. पण लेखकाने मधुमेह, कर्करोग, हृदयविकार सगळे एका टोपल्यात टाकून ‘इतके पट वाढले’ म्हणून मोकळे व्हावे, हे बरोबर नाही. १९९० मध्ये देशातल्या मृत्यूंपैकी सुमारे ३८ टक्के असंसर्गजन्य, म्हणजे एकाकडून दुसऱ्याला न लागणाऱ्या, आजारांचे होते, २०१६ मध्ये ते सुमारे ६२ टक्के झाले. यातला मोठा भाग असा, की जे पूर्वी पाचव्या वर्षी हगवणीने गेले असते ते आता सत्तराव्या वर्षी हृदयविकाराने जातात. मी जन्मभर शाळेत गणित शिकवले. चौथीच्या वर्गाचे सरासरी वजन आणि दहावीच्या वर्गाचे सरासरी वजन शेजारी मांडून ‘मुले लठ्ठ झाली’ असे कोणी म्हटले असते, तर मी त्याला बाकावर उभे केले असते. वय जुळवल्याशिवाय दोन काळांची तुलना होत नाही. ते केल्यावरही जे वाढलेले दिसेल, त्याची काळजी करा. आपल्याकडचा तोंडाचा कर्करोग घ्या. नागपुरात कर्करोगाची वेगळी नोंदणी कित्येक वर्षांपासून होते, म्हणून पुरुषांमध्ये तो आघाडीवर आहे हे आपण ठामपणे सांगू शकतो. आणि कोपऱ्याकोपऱ्यावरच्या पानठेल्यावर पन्नीत तंबाखू-सुपारीचा खर्रा घोटून मिळतोच आहे. त्याबद्दल तुमच्या लेखात चकार शब्द नाही!

आता ज्यासाठी हे पत्र लिहायला बसले ते सांगते. लेखात मृत्यूंच्या कारणांचे आकडे मोठ्या विश्वासाने दिले आहेत. ते कुठून येतात, कसे लिहिले जातात, हे मी माझ्या घरात पाहिले आहे.

माझे दादा ऐन चाळिशीपासून साखरेचे रुग्ण. चप्पल चावून अंगठ्याला जखम झाली ती त्यांना जाणवलीच नाही, वहिनींना मोज्यावर डाग दिसला तेव्हा कळले. आधी अंगठा कापला, मग घोट्यापासून पाऊल. नंतर किडन्या गेल्या, डायलिसिस सुरू झाले. गेल्या वर्षी उन्हाळ्याच्या तोंडाशी शहरातल्या एका खासगी रुग्णालयात ते गेले. जन्म-मृत्यू नोंदणीचा कायदा बदलल्यापासून मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय प्रमाणपत्राची प्रत नातेवाइकांना द्यावी लागते, तशी आम्हालाही मिळाली. ‘नमुना चार’ म्हणतात तो हाच छापील कागद. त्यात तीन ओळी असतात. वर तात्काळ कारण, खाली ते कशामुळे, आणि त्याखाली मूळ आजार कोणता. शेजारी तो आजार किती काळ होता याचा रकाना. दादांच्या कागदावर पहिल्या ओळीत होते ‘कार्डिओ-रेस्पिरेटरी अरेस्ट’, म्हणजे हृदय आणि श्वास बंद पडणे. दुसऱ्या ओळीत आडवी रेघ. तिसऱ्या ओळीत आडवी रेघ. इतर आजारांचा भाग कोरा. मधुमेह हा शब्द त्या कागदावर कुठेही नाही.

हृदय आणि श्वास बंद पडल्याशिवाय कोण मरतो? हे मरणाचे कारण झाले की मरणाचे वर्णन? त्याच नमुन्यावर स्पष्ट छापलेले असते, की हृदय बंद पडणे वगैरे मरण्याची रीत लिहू नका, आजार लिहा. रात्रपाळीच्या डॉक्टरांना मी तेच दाखवले. पोरगेलासा मुलगा, उद्धट अजिबात नव्हता, डोळे झोपेने लाल झालेले. म्हणाला, ‘मॅडम, सगळीकडे असंच लिहितात, तुम्हाला बॉडी लवकर मिळावी म्हणूनच.’ दुसऱ्या दिवशी काउंटरवर सांगितले, माहिती ऑनलाइन गेली, आता बदलणार नाही. मी लेखी अर्ज दिला. त्याचे उत्तर आजतागायत नाही. वहिनी म्हणाल्या, ‘जाऊ द्या ना ताई, माणूसच गेला.’ त्यांचे खरे आहे. पण ज्या आजाराने माझ्या भावाचे पाऊल नेले, किडन्या नेल्या, शेवटी जीव नेला, त्याच्या खात्यात दादांची नोंद नाही, हे मला अजून सोसत नाही.

आणि दादांना निदान प्रमाणपत्र तरी मिळाले. २०२० मध्ये देशात नोंदल्या गेलेल्या मृत्यूंपैकी केवळ २२.५ टक्क्यांना वैद्यकीय कारणाचा दाखला होता. बाकीच्यांचे कारण डॉक्टरने लिहिलेलेच नाही. मे महिन्यात आपल्याकडे पारा पंचेचाळिशी ओलांडतो, रस्त्यावर, बांधकामावर माणसे कोसळतात. त्यातली किती उष्माघाताने गेली हे त्या वरच्या ओळीतून कळणार आहे का? असल्या कागदांच्या बेरजेवर पन्नास वर्षांचे आलेख काढायचे आणि पुरवणीत रंगीत छापायचे, याला अभ्यास म्हणत नाहीत.

आपल्या बातमीदाराने एवढे करावे. शहरातल्या एका वर्षाच्या मृत्यूंपैकी किती कागदांवर नुसते ‘कार्डिओ-रेस्पिरेटरी अरेस्ट’ लिहिले आहे, हे माहितीच्या अधिकारात मागवावे आणि पहिल्या पानावर छापावे. नावे नकोत, संख्या पुरे.

जाता जाता आणखी एक. याच लेखाच्या खाली पाव पान जाहिरात होती, ‘मधुमेह मुळापासून बरा, इन्सुलिन कायमचे बंद’. असल्याच एका चूर्णाच्या नादी लागून दादांनी मध्यंतरी इन्सुलिन सोडले होते, आणि पायाची जखम त्याच काळातली. मधुमेह बरा करण्याचा दावा करणारी औषधाची जाहिरात १९५४ च्या आक्षेपार्ह जाहिरातींच्या कायद्याने निषिद्ध आहे. त्या कायद्याच्या यादीत मधुमेहाचे नाव आहे. हे आपल्या जाहिरात विभागाला ठाऊक नसेल असे मी मानत नाही. ती जाहिरात पुढच्या रविवारी छापू नये, आणि या रविवारी का छापली त्याचा खुलासा याच सदरात करावा.

आपली नियमित वाचक,
निवृत्त शिक्षिका, सक्करदरा, नागपूर