विषय: साउंडबारमधून गायब झालेला ई-आर्क (तक्रार पाचव्यांदा)

व्यवस्थापक, ग्राहक सेवा,

तुमच्या हेल्पलाइनला केलेला पाचवा फोन आत्ता ठेवला. पाडव्याला मडगावच्या दुकानातून तुमचा साउंडबार घेतला, 62,000 रुपये मोजून. खोक्यावर ठळक छापलंय: ई-आर्क, म्हणजे टीव्हीचा आवाज पूर्ण दर्जाने साउंडबारपर्यंत नेणारी एचडीएमआय जोडणी. अडीच महिने झकास चालला. पावसाच्या तोंडावर तुमचं अपडेट उतरलं आणि मेनूतून ई-आर्क नाहीसा झाला. उरला साधा आर्क, त्याच जोडणीचा जुना, कमी क्षमतेचा प्रकार.

साध्या आर्कमधून डिस्कवरचं ट्रूएचडी (न घटवलेला मूळ आवाज) जात नाही, हे तुम्हाला मी सांगायला नको. प्लेयर बिटस्ट्रीमवर आहे (आवाज जसाच्या तसा पुढे पाठवतो), टीव्हीचा ई-आर्क चालू आहे. तरी डिस्प्लेवर 'अ‍ॅटमॉस'च्या (चहूबाजूंनी आणि डोक्यावरूनही येणाऱ्या आवाजाच्या) जागी साधं 'डॉल्बी डिजिटल'. ट्रूएचडी सेकंदाला 18 मेगाबिटपर्यंत जातं. माझ्या वाट्याला जास्तीत जास्त 640 किलोबिट.

आता आजचं. तुमचा माणूस म्हणाला, "सर, आवाज येतोय ना?" येतोय म्हटलं. "मग प्रॉब्लेम काय?" सगळं पहिल्यापासून सांगितलं. दहा मिनिटं होल्डवर ठेवून बासरी ऐकवली (तीही डबड्यातून आल्यासारखी). परत आला, "ओटीटी लावून बघा." लावलं, 'अ‍ॅटमॉस' दिसलं. "बघा सर, सॉल्व्ह झालं!" अहो, ओटीटीचं अ‍ॅटमॉस डॉल्बी डिजिटल प्लसमधून येतं, ते साध्या आर्कवरूनही जातं. माझी तक्रार डिस्कची आहे. क्षणभर गप्प. मग हसत म्हणतो, "सर, गोव्यात राहून घरी पिक्चर कोण बघतं? बीचवर जा ना!"

मी जन्माचा सासष्टीकर. पावसात चार महिने आम्ही बीचवर काय करतो, असं वाटतं तुम्हाला?

त्याआधी घरी आलेल्या तंत्रज्ञाची तऱ्हा वेगळी. त्याने रिमोट घेतला, व्हॉल्यूम 40 वर नेला, कपाटातल्या कपबशा थरथरल्या, "बेस मस्त आहे" म्हणाला आणि गेला. तो गेटबाहेर पडायच्या आत 'तक्रार निकाली' असा मेसेज.

पुन्हा सांगतो, ई-आर्क खोक्यावर छापलंय. खोकं मी जपून ठेवलंय, बिलासकट. माझ्या वडिलांचा टेपरेकॉर्डर तुमचाच होता, तीस वर्षं चालला. त्याचं कुठलं बटण कुणी घरात शिरून काढून नेलं नाही.

15 दिवसांत जुनं फर्मवेअर (अपडेटच्या आधीचं आतलं सॉफ्टवेअर) परत द्या, नाहीतर पैसे. नपेक्षा 1915 या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर नोंद होईल आणि पुढची भेट दक्षिण गोवा जिल्हा ग्राहक आयोगात.

उत्तर लेखी पाठवा. ती बासरी मला पुन्हा ऐकायची नाही.

एक ग्राहक, फातोर्डा