कोर्टाची नोटीस घरात ठेवू नका

सर्व सभासदांना कळविण्यात येते की, पणजीच्या औद्योगिक न्यायाधिकरणात निवाडा आपल्या बाजूने लागला म्हणजे काम संपले, असे समजू नये. व्यवस्थापन त्याविरुद्ध पर्वरीला हायकोर्टात रिट याचिका घालू शकते. नोटीस मिळूनही आपल्या बाजूने कोणी उभे राहिले नाही, तर सुनावणी आपल्याविनाच होऊ शकते, निवाड्याला स्थगितीही मिळू शकते.

कामावर परत घेण्याच्या निवाड्यांत फटका थेट खिशाला बसतो. १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्याखालच्या अशा निवाड्यांना कलम १७-ब लागू असेल, तर याचिका चालू असेपर्यंत शेवटच्या दराने पूर्ण पगार मागता येतो. मात्र दुसरीकडे नोकरी नसल्याचे प्रतिज्ञापत्र कामगाराने स्वतः द्यावे लागते. ते वकील आपल्या मनाने करू शकत नाही.

मागे एक नोटीस माजी सचिवांच्या पत्त्यावर गेली आणि चवथीच्या गडबडीत कपाटावर पडून राहिली. दोष त्यांचा नाही, पत्ता आपणच बदलला नव्हता.

तरी नोटीस आल्यास त्याच दिवशी पाकिटासकट कार्यालयात आणावी. वकीलपत्रावर सही राहिलेल्यांनी रविवारच्या बैठकीपूर्वी ती करावी.

— सरचिटणीस