गाण्यांच्या मधली ती दहा मिनिटं पोरांना द्या

संपादक साहेब, सप्रेम नमस्कार.

माझ्या नातवाला वाटतं स्टँडअप ही मोबाईलवर आलेली नवीन गोष्ट आहे. म्हणून हे पत्र. सिनेमातले जॉनी लिव्हर सगळ्यांना माहितीयेत, पण त्याआधी ते कितीतरी वर्षं स्टेजवर एकटे उभे राहून लोकांना हसवायचे. सातवीनंतर शाळा सुटली, मग मुंबईच्या रस्त्यावर पेनं विकायचे, तेही हिरोंचे आवाज काढून आणि नाचून. पुढे वडिलांसोबत हिंदुस्तान लिव्हरच्या कारखान्यात लागले आणि तिथल्या कार्यक्रमात साहेब लोकांची अशी नक्कल केली की कामगारांनीच त्यांचं नाव जॉनी लिव्हर करून टाकलं. मग संगीतकार कल्याणजी-आनंदजींचे शो, आणि शो इतके वाढले की 1981 मध्ये, वयाच्या चोविशीत, पर्मनंट नोकरी सोडली. सुनील दत्तनी सुद्धा त्यांना स्टेजवर पाहूनच सिनेमात घेतलं.

मी नाशिकच्या सातपूर एमआयडीसीत आयुष्य काढलं त्यामुळे हे मला फार जवळचं वाटतं. आमच्याकडे दसऱ्याला मशीनची पूजा झाली की कँटीनमध्ये कार्यक्रम असायचा. लेथवरचा एक पोरगा चष्मा कपाळावर ढकलून, हातात मायक्रोमीटर, म्हणजे जॉबचं बारीक माप घ्यायचं साधन, धरून "पाच मायक्रॉन जास्त गेलं रे" असं सुपरवायझरच्या आवाजात म्हणायचा, आणि सगळ्यात जास्त तो सुपरवायझरच हसायचा. त्या पोराला कँटीनच्या बाहेर स्टेज कधी मिळालंच नाही.

पूर्वी गणपतीत ऑर्केस्ट्रा यायचा, दोन गाण्यांच्या मधे मिमिक्रीवाला यायचा. ना म्युझिक ना लाइट, लोक चहाला उठलेले, त्यांना नुसत्या आवाजावर परत खाली बसवायचं, यापेक्षा मोठी शाळा नाही हो. आता सगळीकडे डीजे. गेल्या वर्षी आमच्या भागातल्या एका मंडळात एक मुलगा माईक मागत होता, त्याला वेळ नाही म्हणून सांगितलं आणि रात्री दहापर्यंत डीजे वाजत होता.

मंडळांना आणि कालिदास कलामंदिरात ऑर्केस्ट्रा लावणाऱ्यांना माझी कळकळीची विनंती आहे, सातपूर-अंबड-सिडकोच्या पोरांना फक्त दहा मिनिटं द्या. यंदा मंडळाच्या मीटिंगला मी स्वतः जाऊन त्या मुलासाठी वेळ मागणार आहे. पत्र छापलंत तर कात्रण सोबत नेईन.

एक रिटायर्ड कामगार, सातपूर, नाशिक