चमचा कुठे गेला?

मा. संपादक,
स. न.

रविवारच्या पुरवणीतला ‘इच्छाशक्तीने मृत्यूला हरवले’ हा प्रिमो लेव्हींवरचा, म्हणजे नाझी छळछावणीतून वाचलेल्या इटालियन ज्यू लेखकावरचा लेख वाचला. चहा गार झाला, मी तापले.

लेव्हींनी स्वतः आपल्या जगण्याचे श्रेय नशिबाला दिले आहे. ऑशविट्झच्या छळछावणीत त्यांना नेले १९४४ मध्ये. तोवर मजूर कमी पडू लागल्याने कैद्यांना जरा जास्त दिवस जगू द्यायचे ठरले होते. रसायनशास्त्र येत होते, म्हणून शेवटच्या हिवाळ्यात प्रयोगशाळेत, छपराखाली काम मिळाले. एक इटालियन गवंडी सहा महिने आपल्यातले सूप देत राहिला. जानेवारी १९४५ मध्ये स्कार्लेट फीव्हर हा संसर्गजन्य ताप आला, म्हणून जर्मनांनी छावणी रिकामी केली तेव्हा इतरांबरोबर बर्फातून मरणाच्या वाटेवर हाकले गेले नाहीत. ताप आला म्हणून माणूस वाचला! यात इच्छाशक्ती कुठे बसवायची? त्यांच्या रेल्वेच्या डब्यात ४५ जण होते, घरी परतले चार. बाकीचे ४१ काय, मनाने कच्चे होते?

मला हे झोंबले त्याला कारण आहे. सहा वर्षांपूर्वी आमच्या ह्यांना कर्करोग झाला. भेटायला येणारा जो तो सांगे, “विलपॉवर ठेवा.” एका नातलगाने तर छळछावणीतून वाचलेल्या माणसाची गोष्ट अर्धा तास ऐकवली. हे केमो घेऊन भिंतीकडे तोंड करून पडलेले. पाहुणे जिना उतरून गेल्यावर हे मला म्हणाले, “म्हणजे मी गेलो तर नापास.” दोन महिन्यांनी गेले.

लेव्हींनी लिहिलेला चमचा तुमच्या लेखात नाही. छावणीत कैद्याला चमचा मिळत नसे. एक तर सूप कुत्र्यासारखे चाटायचे, नाहीतर वाट्याचा पाव देऊन काळ्या बाजारात चमचा घ्यायचा. सुटका झाली तेव्हा कोठारात हजारो कोरे प्लास्टिकचे चमचे निघाले. शिवाय आलेल्यांच्या सामानातून काढून घेतलेले अ‍ॅल्युमिनियमचे, पोलादाचे, चांदीचे. चमचे होते, द्यायचे नव्हते. एवढ्या मोठ्या लेखात याला दोन ओळी मिळाल्या नाहीत. उगवत्या सूर्याचे चित्र मात्र तीन कॉलम.

छायाचित्राखाली ‘पोलिश छळछावणी’ असेही छापले आहे. छावणी नाझी जर्मनांची; पोलंड त्यांनी बळकावलेला होता. आठवीतल्या मुलाला विचारले असते तरी चालले असते.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका, सातारा

ता. क. लेखात ‘लेव्ही’, ‘लेवी’ आणि एके ठिकाणी चक्क ‘लेव्हिस’ छापले आहे. ती जीन्स.